प्रबोधच्या नावाचा प्याला

मी, सलोमी याकोब ओहोळ, वय वर्षे एकाहत्तर, धर्म ख्रिस्ती, निवृत्त परिचारिका, राहणार दौंड, जिल्हा पुणे, हे मृत्युपत्र माझ्या स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून स्वहस्ते लिहिते. मला कोणी धाक घातलेला नाही, लाडीगोडी लावलेली नाही, आणि लावायला आलेल्या दोघांना मी दारातून परत पाठवले आहे. डॉक्टरांनी आज सकाळी तपासून मी पूर्ण भानावर असल्याचा दाखला दिला. राग आहे का, हे त्यांनी विचारले नाही. आहे. पण रागावलेल्या माणसाला मृत्युपत्र करता येत नाही असा कायदा नाही, हे मी वकिलांकडून खात्री करून घेतले आहे.

कलम १. सन १९९४ मध्ये मी एक मृत्युपत्र केले होते. त्यात हे राहते घर माझ्या पश्चात चर्चला, पाळकांच्या निवासासाठी दिले होते. मुलगा तेव्हा धडधाकट आणि कमावता होता, 'माझे घर मी बांधीन' म्हणाला होता. ते मृत्युपत्र मी आज रद्द करते. चर्चच्या कमिटीचे सेक्रेटरी श्री. विजयानंद शिंगारे यांच्याकडे त्याची एक प्रत आहे. ती त्यांनी फाडावी. बारा वर्षे ते माझ्या घराच्या भिंतींकडे रंग कुठला द्यायचा या नजरेने बघत आले. पुरे झाले.

कलम २. माझे राहते घर, म्हणजे दोन खोल्या, स्वयंपाकघर, मागची मोरी, पुढचे अंगण आणि अंगणातले सीताफळाचे झाड, हे सर्व मी शेजारीण खुर्शीद इनुस शेख हिला देते. पूर्ण मालकीने. तिने विकावे, भाड्याने द्यावे, कोंबड्या पाळाव्यात, कोणी विचारायचे कारण नाही. तिला हे ठाऊक नाही. सांगितले असते तर तिने 'काय बोलताय मावशी, भलतंच' म्हणून मला घराबाहेर काढले असते. माझ्याच घरातून.

"ख्रिस्ती माणसाचं घर मुसलमानाला?" असे माझ्या मयतीच्या जेवणातच कोणीतरी म्हणेल. त्याने हे कलम पुढे वाचावे, मग तोंड उघडावे.

माझा एकुलता एक मुलगा प्रबोध कुरकुंभच्या एका केमिकल कंपनीत ऑपरेटर होता, तीन पाळ्यांत. सत्त्याण्णव साली वजन उतरायला लागले, खोकला जाईना. रक्त तपासले. एचआयव्ही. आजार त्याला कुठून लागला, हे मला सगळ्या गावाने विचारले. मी त्याला विचारले नाही. अठ्ठावन्न सालापासून आजारी माणसे पाहिली आहेत मी. आजार कुठून आला याची चौकशी करून कोणी बरे झालेले पाहिले नाही. त्याचे ठरलेले लग्न मोडले. कंपनीने कामावर यायची गरज नाही म्हणून कळवले. तो घरी आला आणि पुढच्या खोलीतल्या खाटेवर पडून राहिला.

तेव्हा या घरात रोज कोण येत होते? खुर्शीद. फक्त खुर्शीद. नव्याण्णवच्या रमजान ईदला तिने शिरखुर्म्याची वाटी आणली. प्रबोधने चार घास खाल्ले आणि वाटी खाली ठेवली, जाईना त्याला. खुर्शीदने ती उचलली आणि त्याच चमच्याने उरलेला शिरखुर्मा खाऊन टाकला, उभ्या उभ्या, माझ्यासमोर. मी तिला मोरीत ओढले.

"अगं, तुला माहीत नाही का त्याला काय झालंय?"

"म्हाईत हाय की."

"मग त्याचं उष्टं खाल्लंस?"

"तुम्हीच तर सांगितलं मावशी, उष्ट्यानं न्हाई होत म्हणून. तुम्ही नर्सबाई. तुमचं खरं मानायचं न्हाई तर मग कुणाचं?"

मी काही बोलले नाही. का बोलले नाही ते कलम ८ मध्ये लिहिले आहे.

कलम ३. माझे यजमान कै. याकोब ओहोळ रेल्वेत फिटर होते. त्यांची हत्यारांची पेटी, पाने, पक्कड, छोटी ऐरण, सर्व खुर्शीदचे यजमान इनुस यांना द्यावे. प्रबोधची शवपेटी करायला सुताराने नकार दिला, 'मापं घ्यायला घरात येणार न्हाई' म्हणाला, तेव्हा पंक्चरचे दुकान बंद ठेवून इनुसने याच पेटीतल्या हातोडीने माझ्या मुलाची पेटी ठोकली. एक फळी वाकडी बसली म्हणून तो नंतर महिनाभर मला तोंड दाखवायला लाजत होता.

कलम ४. माझ्या दिराचा मुलगा विक्रम याला भिंतीवरचे घड्याळ द्यावे, दुसरे काही नाही. हा प्रार्थना मेळाव्यात सभा घेतो. घरात दोन माणसे असली तरी माइकवर असल्यासारखा ओरडतो. प्रबोधच्या छातीवर हात ठेवून याने दोन तास प्रार्थना केली आणि म्हणाला, "पाप कबूल कर आणि गोळ्या बंद कर. गोळ्या म्हणजे अविश्वास." क्षयाच्या गोळ्या होत्या त्या. माझ्या पोराने विश्वास दाखवायला पंधरा दिवस गोळ्या उशीखाली लपवल्या. मला उशी बदलताना सापडल्या. त्या दोन तासांत विक्रमने सात वेळा घड्याळाकडे पाहिले, कारण त्याला वरवंडला दुसरी सभा होती. म्हणून घड्याळ.

कलम ५. पोस्टातली शिल्लक, माझी सोन्याची दोन कर्णफुले आणि शिवणयंत्र माझी भाची अनिता, शिरूर येथे शिक्षिका, हिला. या मृत्युपत्राची अंमलबजावणीही तिनेच करावी. ती भांडायला घाबरत नाही, हा गुण तिने माझ्याकडून घेतला आहे.

कलम ६. हे कलम मिळकतीचे नाही, पण मला लिहायचे आहे.

गेल्या गुरुवारी श्री. शिंगारे घरी आले. हातात छापील पत्रक. महिला मंडळाने निबंध स्पर्धा ठेवली आहे, विषय 'आजच्या जगात ख्रिस्ती विश्वासाची व शिकवणुकीची प्रासंगिकता'. पहिले बक्षीस प्रेशर कुकर. "सिस्टरबाई, तुम्ही लिहाच," म्हणाले. "तुमच्यासारख्या जुन्या माणसांनी मार्गदर्शन केलं पाहिजे. आन् घराच्या कागदाचं तेवढं नोटरी करून घेऊ की आता."

आजच्या जगात! मी म्हटले, शिंगारे, आजचे जग लांब कशाला शोधता? ते या खाटेवर वीस महिने पडून होते. चर्चपासून पाचशे पावलांवर. प्रभूने कुष्ठरोग्याला हात लावल्याचा उपदेश तुम्ही वर्षातून दोनदा ऐकता, ऐकताना बायका डोळे पुसतात, आणि नंतर चहा पितात. आमच्याकडे चहा प्यायला कोणी आला नाही. तुम्ही आलात ते दारात उभे राहून गेलात, चप्पल न काढता. आणि वर ते लहान प्याले आणलेत! माझा मुलगा एका रविवारी प्रभुभोजनाला आला, सगळ्यांच्या एका प्याल्यातून द्राक्षारस प्यायला आणि पुढच्या महिन्यात तुम्ही ट्रे भरून प्लॅस्टिकचे इवले इवले प्याले आणलेत, प्रत्येकाला वेगळा, स्वच्छतेच्या नावाखाली. त्याला कळले नसेल असे वाटले तुम्हाला? ते पाहून तो वेदीपुढच्या कठड्यापाशी न येता मागच्या मागे घरी आला, तो परत कधी गेला नाही. पुढच्या जूनमध्ये त्याला तुम्ही खांद्यावरून नेलेत.

हे सारे मी ओरडून बोलले. खुर्शीद भिंतीपलीकडून ऐकत असणार. शिंगारे मान खाली घालून ऐकत होते. मग त्यांनी पत्रकाची घडी केली, खिशात ठेवली आणि हळूच म्हणाले,

"सिस्टरबाई, आठ वर्षं झाली, मी बोललो न्हाई. पण आम्ही तवा तुमच्याकडंच बघितलं. तुम्ही नर्स. त्याची आई. आमास्नी काय कळतंय त्यातलं?"

मी त्यांना "चालते व्हा" म्हटले. ते गेले.

निबंध मी लिहिणार नाही. कुकर ज्याला मिळेल त्याला लखलाभ.

कलम ७. मला प्रबोधच्या शेजारी पुरावे. दोघांच्या मध्ये जागा सोडू नये. फुलांचे हार नकोत. भाषण नको. विक्रमला प्रार्थना सांगू नये. इनुसला कबरस्तानात मातीची मूठ टाकायला कोणी अडवले तर अनिताने माझ्या वतीने भांडावे.

कलम ८. चर्चचा चांदीचा प्याला. वकील म्हणतात, दान दिलेली वस्तू मृत्युपत्रात लिहिता येत नाही. मी लिहिते.

लग्नानंतर अकरा वर्षे मला मूल नव्हते. अडुसष्ट साली प्रबोध झाला. उपकारस्तुती म्हणून याकोबनी आणि मी प्रभुभोजनासाठी चांदीचा प्याला चर्चला दिला. त्याच्या बुडाशी कोरलेले आहे: 'प्रबोध याकोब ओहोळ, जन्माबद्दल'. तीस वर्षे सगळी मंडळी त्या एका प्याल्यातून प्यायली. म्हातारे, तापकरी, तंबाखू खाणारे, सगळे. गडी आणि मालक, शाळेचा शिपाई आणि हेडमास्तर. आपण एकमेकांचे उष्टे पितो, यातच सगळे आले, असे माझे सासरे म्हणत. लहान प्याले आल्यावर तो काचेच्या कपाटात गेला. तो माझा राग होता, आठ वर्षांचा.

आता खरे लिहिते.

चार ऑक्टोबर एकोणीसशे अठ्ठ्याण्णव, महिन्याचा पहिला रविवार. प्रबोध आंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून माझ्याबरोबर आला. त्याला आदल्या दिवसापासून आनंद झाला होता. कठड्यापाशी आम्ही शेजारी शेजारी गुडघे टेकले. पाळकांनी प्याला त्याच्या ओठांना लावला. तो प्यायला. पाळकांनी कड पांढऱ्या फडक्याने पुसली आणि प्याला माझ्याकडे आणला.

मी तोंड उघडले नाही.

मी प्याला हातात धरला, तिरका केला, ओठ घट्ट मिटून ठेवले. द्राक्षारस ओठांवर आला तो पदराने टिपून घेतला. मी, सलोमी ओहोळ, चाळीस वर्षे नर्स म्हणून राबलेली, जिने वस्तीतल्या बायांना घरोघर सांगितले की एका ताटात जेवल्याने काही होत नाही. मला ते माहीत होते. पुस्तकात वाचून नव्हे, पक्के माहीत होते. तरी माझे तोंड उघडले नाही. देवाशप्पथ सांगते, मी ठरवून केले नाही. पण केले मीच.

मागच्या रांगेत शिंगारे पाळीची वाट बघत उभे होते. त्यांनी पाहिले. त्यांना वाटले, नर्सबाईच पीत नाही म्हणजे काहीतरी असणार. आपल्या पोराचे उष्टे आईच टाळते, तर आपण कोण? त्यांनी प्याले मागवले. आणि कोणाला अपमान वाटू नये म्हणून 'सगळ्यांनाच वेगळे' असे ठरवले. मी आठ वर्षे ज्या माणसाला शिव्याशाप दिले, त्याने माझ्याकडे बघून ते केले.

प्रबोधने पाहिले की नाही, मला माहीत नाही. घरी आल्यावर जेवताना एवढेच म्हणाला, "आई, तुझ्या पदराला डाग पडलाय."

ती पांढरी साडी मी कधी धुतली नाही.

त्या दिवसानंतर मीही प्रभुभोजन घेतलेले नाही. चर्चला जाते, मागच्या बाकावर बसते, सगळे पुढे जातात तेव्हा बसून राहते. मंडळींना वाटते, सिस्टरबाईंचा लहान प्याल्यांवर राग आहे. मीही तसेच वाटू दिले. रागाची किती मोठी सोय झाली मला! शिंगाऱ्यांचा अपराध नाही असे मी म्हणत नाही. दारात चप्पल घालून उभे राहायला मी त्यांना शिकवले नव्हते, वीस महिने माझ्या घराकडे पाठ फिरवायलाही नाही. त्याचा राग मी बरोबर घेऊन जाईन. पण पहिले ओठ मिटले ते माझे. घर चर्चला नाही ते यासाठीही, की माझ्या नावाची पाटी त्या दारावर लागू नये. आणि खुर्शीदला यासाठी, की माझ्या शब्दावर विश्वास ठेवून माझ्या मुलाचे उष्टे खाणारी या गावात ती एकटी निघाली. मीसुद्धा नाही.

माझी विनंती अशी लिहिणार होते की, मला पुरल्यानंतरच्या रविवारी तो प्याला कपाटातून काढावा आणि हे कलम मंडळीसमोर मोठ्याने वाचावे. लिहिताना लाज वाटली. मेलेल्या बाईला कोण काय बोलणार? सगळे 'बिचारी' म्हणतील आणि घरी जातील.

तेव्हा असे ठरवते. उद्या पाच मार्च, महिन्याचा पहिला रविवार. उद्या मी ती डागाची साडी नेसून जाईन. प्रभुभोजनाआधी पुढे उभी राहून हे कलम क्रमांक आठ मी स्वतः वाचेन. मग शिंगाऱ्यांकडे कपाटाची किल्ली मागेन. त्यांनी दिली तर प्याला भरून आधी त्यांना द्यायला सांगेन, आणि ते प्यायल्यावर, न पुसता, मी पिईन. नाही दिली तर तिथेच उभी राहीन. गुडघे दुखतात, पण उभे राहायची सवय आहे मला, चाळीस वर्षे वॉर्डात उभीच होते.

मी मेल्यावर मला तीच साडी नेसवावी. पदर असा घ्यावा की डाग वर दिसेल.

येणेप्रमाणे मजकूर पूर्ण झाला. वाचून पाहिला. खाडाखोड नाही.

सही: सलोमी याकोब ओहोळ

आम्ही खाली सही करणारांनी श्रीमती ओहोळ यांना आमच्यासमोर सही करताना पाहिले. मजकूर वाचलेला नाही, त्यांनी वाचू दिला नाही.

साक्षीदार १: सर्जेराव बाबूराव दिवेकर, निवृत्त रेल्वे गार्ड, शेजारी
साक्षीदार २: सगुणाबाई तुकाराम खळदकर, निवृत्त आया, दवाखान्यातील सहकारी

(खुर्शीदने साक्षीदार व्हायचा हट्ट धरला होता. ज्याला काही मिळते त्याने साक्ष द्यायची नसते, म्हणून तिला चहा करायला पाठवले.)

ठिकाण: दौंड
दिनांक: ४ मार्च २००६, शनिवार