गाडग्यांवाचून रहाट

नंदाखाल,
४ नोव्हेंबर २०२४

चि. हेमांगीस अ. उ. आ.

तुझ्या दिल्लीच्या संग्रहालयाची दोन माणसं काल येऊन आपला रहाट घेऊन गेली. तू स्वतः येणार असं कळवलं होतंस, म्हणून तुझ्या आवडीच्या तांदळाच्या पोळ्या केल्या होत्या. त्या दोघांनीच खाल्ल्या. दिल्लीकरांनी नावं ठेवली नाहीत, एवढंच समाधान.

तुझे बाबा गेल्यापासून आपल्या बागायती वाडीत माणसाचा आवाज नाही. पंप आल्यावर रहाट कुणी जुंपला नाही, तरी दुपारी मी त्याच्याजवळ जाऊन बसायची. आता विहिरीवर नुसतं भकास वाटतं.

पण रहाटाची मातीची गाडगी मी दिलेली नाहीत. शेजारचा फेबियन म्हणाला, पेंढ्यात नीट बांधून देतो. मी म्हटलं, नको, वाटेत फुटतील. तेव्हा बाईसाहेब, गाडगी न्यायला तुम्हीच या. गाडग्यांवाचून रहाट मांडून लोकांना काय दाखवणार? फोनवर तू ‘आणखी काय’ विचारतेस आणि मला काही सुचत नाही, म्हणून हे पत्र.

माया आहेच, ती येऊन वाढव.

तुझी आई


दिल्ली,
१२ डिसेंबर २०२४

ती. आईस सा. न. वि. वि.

तुझं पत्र ऑफिसात वाचून दाखवलं. तेव्हापासून सगळे मला ‘बाईसाहेब’ म्हणून चिडवतात. रजा मागितली होती गं, पण नवं दालन उघडायची तारीख ठरली आणि राहूनच गेलं.

गाडग्यांची काळजी आता सोड. रहाटाजवळ काढलेल्या बाबांच्या जुन्या फोटोवरून इथल्या कुंभाराने हुबेहूब तशीच गाडगी करून दिली. आपला रहाट उभा राहिला! शाळेची मुलं भोवती गोळा होतात. पाटीवर ‘वसईचे बागायतदार कुटुंब’ असं लिहिलंय. वाचून ऊर भरून आला. आता गाडग्यांसाठी मलाही धावतपळत यायला नको. उन्हाळ्यात बघू. घरच्या गाडग्यांत तू मोगरा लाव.

तुझ्या लोभाची सवय आहे, ती मोडू नकोस.

तुझी हेमांगी


नंदाखाल,
२० डिसेंबर २०२४

चि. हेमांगीस अनेक आशीर्वाद.

पाटीचं वाचून बरं वाटलं. ते कुटुंब म्हणजे आता मी एकटीच, हे त्या मुलांना कशाला सांगायचं?

गाडगी फुटतील अशी भीती मला नव्हतीच. फेबियनने बांधलेली अंडीसुद्धा कुठेही शाबूत पोचतात. तुला यावं लागेल म्हणून मी ती ठेवून घेतली. आईने लेकीशी असा डाव खेळू नये, पण खेळले. तुझा कुंभार माझ्यापेक्षा हुशार निघाला. पत्र वाचून रडू आलं. पंप बंद केला की वाडीत हाक मारायला कुणी नसतं. एकटीपुरता भात टाकताना हात जड होतो, हेमा. फार एकटं वाटतं.

इथून नेण्यासारखं आता काही उरलेलं नाही. तरी ये. आणि या वेळी तुझ्याऐवजी दुसऱ्या कुणाला पाठवू नकोस.

लोभ ठेव, आणि थोडा वेळही.

तुझी आई