तलावाचा दुसरा कागद

३ मार्च, सोमवार
वासुदेवराव काकांची शेवटची मुलाखत उरकली. चार तास. शहराबाहेर मिहानच्या रस्त्याकडचा हा मामा तलाव, म्हणजे माजी मालगुजारी. मालगुजार गेले, सरकार आलं, तलाव मामाच राहिला. तो बुजवू नये म्हणून काका तरुणपणी छातीभर पाण्यात उभे राहिले होते. तरी पूर्वेकडचा अर्धा बुजलाच. आता उरलेल्या पश्चिमेवर बिल्डरला लेआउट पाडायचाय. १७ ला सुनावणी. त्याच्याकडे तलाव बुजवायला दिलेलं तेव्हाचं संमतीपत्र आहे, काकांच्या सहीचं. गाव म्हणतं, सही खोटी. माझी फिल्मही तेच म्हणते.

मुलाखत संपल्यावर काका चहा सांगायला आत गेले. कॉलरला माइक तसाच, माझ्या कानात हेडफोन. काढायला हवा होता. नाही काढला. काकूंना म्हणाले, ‘पोट्टी सहीचं विचारून राहिली होती. काय सांगू तिले? सही माहीच होय म्हणून?’

बाहेर येऊन मला विचारतात, ‘साखर कमी नाही ना वं?’ नाही म्हटलं.

४ मार्च
कितीदा ऐकलं ते. पोरांना फिल्म शिकवताना मोठ्या तोंडानं सांगते, माणसानं कॅमेऱ्यासमोर सांगितलं तेवढंच आपलं. आणि मी स्वतः चोरून ऐकत बसले.

गजाननचा फोन. तलाव समितीचं तोच बघतो. त्याचे वडील श्रावण, काकांचे जिवलग. पूर्वेला मासे धरायचे. ती बाजू गेल्यावर जाळं टाकून दिलं, इतवारीच्या बाजारात हातठेला ओढला जन्मभर. ‘ताई, बाबा मरेपर्यंत म्हणत होते, वासुदेवची सही कोणीतरी खोटी मारली. सुनावणीच्या आधी फिल्म दाखवा ना गावाले.’

हो हो म्हणून ठेवला. दुसरं काय म्हणणार!

६ मार्च
काकांकडे गेले आणि सांगून टाकलं.
‘चोरून ऐकलं तू?’
‘हो काका.’
‘निघ.’
काकू फाटकापर्यंत आल्या. ‘या वयात काहून उकरून राहिली वं माय? त्यायले मारतं का आता?’ पूर्ण रस्ताभर स्वतःचा राग येत होता. शहरात महाल भागात शिरले तर गल्लीत टेम्पो अडकलेला. त्या ड्रायव्हरवर उगाच खेकसले.

९ मार्च, रवि.
आज काकांच्या आधीच्या मुलाखतींचं मूळ फुटेज लावलं. बाप्पा!

सहीचं मी तीनदा विचारलंय. तीनदाही काका म्हणतात, ‘लोक म्हणतात, सही खोटी आहे.’ रफ कटमध्ये आहे फक्त ‘सही खोटी आहे’. ‘लोक म्हणतात’ मी उडवलं. वाक्य लांबतंय म्हणून. त्या माणसानं एकदाही खोटं सांगितलं नव्हतं, ते मी त्याच्या तोंडात घातलं. वर ती क्लिप मागेच गजाननला पाठवली, गावभर फिरली. लाज वाटते.

११ मार्च
काकूंनी बोलावलं. काकांनी कपाटातून लिफाफा काढला. संमतीपत्राचं दुसरं पान, ज्यावर लिहिलंय : पूर्व बाजू द्यावी, पश्चिमेच्या पाण्याला कधीही हात लागणार नाही. खाली काकांची सही आणि तेव्हाच्या सरकारी साहेबाची. बिल्डर पहिलंच पान नाचवतोय.

म्हणजे सही खोटी म्हटली तर हे पानही खोटं. खरी म्हटली तर पश्चिम वाचू शकते.

‘पूर्ण तलाव जाऊन राहिला होता. अर्धा राखला मी,’ काका म्हणाले. ‘श्रावणले उद्या सांगू, उद्या सांगू करत राहिलो. तो मरून गेला.’
मी माझ्या कात्रीचं सांगितलं.
‘तू दोनच शब्द खाल्ले,’ म्हणाले. हसले नाहीत.
सुनावणीत द्या म्हटलं. ‘गजानन समोर बसला राहीन ना तिथं.’ हे काकूंकडे बघून की स्वतःशीच, कळलं नाही.

१४ मार्च
गजाननला दुरुस्त क्लिप पाठवली. पाच मिनिटांत फोन.
‘ताई, हे “लोक म्हणतात” काहून जोडलं?’
‘जोडलं नाही रे. आधी कापलं होतं. चूक माझी.’
फोन कट.
बाकीचं मी सांगायचं नाही. ते काकांचं आहे. पण तीन दिवस राहिलेत, आणि काका बोललेच नाहीत तर?

१७ मार्च, कचेरीचा व्हरांडा
आत कॅमेऱ्याला मनाई. काका आले, काकू सोबत, लिफाफा कापडी पिशवीत. गजानन त्यांच्या शेजारी बसला, नमस्कार केला नाही.

सुनावणी घेणाऱ्या साहेबांनी पहिलं पान दाखवलं. ‘ही सही तुमची?’ काकांनी चष्मा मागितला. पाहत राहिले. मग म्हणाले, ‘साहेब, याच्या मागचं पान कुठं आहे?’ बिल्डरचा वकील ताडकन उभा. साहेब म्हणाले, आधी सहीचं सांगा. खूप आरडाओरड. शेवटी, जेवणानंतर बघू.

आता पावणेदोन. काका बाकावर. डबा उघडलेला नाही. गजानन आत्ता त्यांच्यासमोर जाऊन उभा राहिलाय. मला ऐकू येतंय, या वेळी उघड.
‘काका, साहेबाले सांगायच्या आधी मले सांगा.’
काकांनी पिशवी मांडीवर घेतली, बाकावर जागा केली.

कॅमेरा बॅगेत आहे. काढत नाही. गजानन अजून उभाच आहे.