तळ्यावरचा गोल काळ

पाइन कोव्ह, मिनेसोटा

थॅडियस भावजी,

तुमचं ते काळाच्या आकारांचं शास्त्र माझ्या डोक्यावरून जातं. गावच्या शाळेत बाईंनी काळ सरळ रेघ मारून शिकवला; तुम्ही तो वाकवलात. "आपल्या तळ्यावरचा काळ गोल आहे, ऑरिन. एकदा पार गेलेला माणूस दरवर्षी पार जाणारच," असं तुम्हीच यांना सांगितलंत. झालं, हे मार्चच्या कच्च्या बर्फावरून तळं ओलांडायला निघाले. मी ओरडले, "अहो, काळापेक्षा तुमचं पोट गोल आहे, बर्फ फुटेल!" हे हसले, "कॉफी गरम ठेव गं!"

बर्फ फुटला.

तुम्ही लिहिता, फेरी अजून पुरी व्हायचीय, ऑरिन परत येईल, थडगं बांधू नकोस. तेवढ्या आशेवर तुम्ही अंथरुणात चार घास खाता, असं नर्सबाई सांगतात.

आज बर्फ वितळला आणि शेजारच्या हॉलव्हर्सनच्या मासेमारीच्या जाळ्यात हे सापडले. मी विणलेल्या हातमोज्यावरून ओळखलं. उद्या पुरणार आहोत.

हे पत्र शेगडीत टाकते. दुसरं लिहिते: भावजी, अजून आले नाहीत हो. तुमचा भाऊ पहिल्यापासूनच उशीर करणारा. तुम्ही जेवून घ्या.

तुमची तोंडाळ भावजय,
अर्व्हिला