चिडकी अजून फुटायची आहे

मी, खाली सही करणारा, वेधशाळेच्या वरच्या खोल्यांत राहणारा, ताऱ्यांचा आणि काळाचा अभ्यास करणारा, हे लिहिताना पूर्ण शुद्धीवर आहे. माझ्यावर कोणाचे दडपण नाही. लाज आहे, पण तेवढ्याने मृत्युपत्र रद्द होत नाही, असे वकीलबाईंनी सांगितले. आम्ही उजेडाच्या देहाचे लोक मरताना विरत विरत जातो. माझ्या हाताच्या उजेडात आता माझेच अक्षर वाचता येत नाही, म्हणून घाई.

१. वेधशाळेच्या दोन्ही खोल्या माझ्या भाचीला, म्हणजे ताईच्या लेकीला द्याव्यात. मोरीचे दार फुगले आहे, खांद्याने ढकलावे. भाचीला दिवस गेले आहेत, तेव्हा पलंग खिडकीपासून हलवावा. तिथे वारा लागतो.

२. गल्लीतल्या वडिलांच्या घरातला माझा निम्मा हिस्सा मी कोणालाही देत नाही. कारण पाचव्या कलमात आहे.

३. माझी खुर्ची वेधशाळेच्या प्रमुखांना द्यावी. त्यांचा तिच्यावर फार दिवस डोळा आहे. मागे रेलले की ती उलटते, हे मी सांगणार नव्हतो. आता सांगितले.

४. दुर्बिणीची भिंगे ताईने घासलेली आहेत. ती वेधशाळेतच राहावीत, पण त्यांच्यावर माझ्या नावाची पट्टी आहे ती काढून ताईचे नाव लावावे. ते आधीच करायला हवे होते.

५. आता चिडकीविषयी. ही आमच्या गल्लीवरची तारका. मध्येच भडकते, मध्येच मंदावते, म्हणून हे नाव. ती फुटणार, असे मी जाहीर केले आणि मुदतही सांगितली. माझ्या शब्दावर अख्खी गल्ली घरे सोडून दूर गेली. ताईने भिंगे घासायचे मोठे चाक मिळेल त्या किमतीला विकून टाकले. मुदत आली आणि गेली. लोक परत आले. मग मी दिसलो की कोणी ना कोणी विचारायचेच, "काय मास्तर, आज फुटतेय का? नाही, कपडे वाळत घालायचेत!" ताई सगळ्यांसमोर म्हणाली, "अरे, पुढच्या वेळी आधी चाकाचं गिऱ्हाईक तरी चांगलं बघून ठेव." सगळे हसले. मीही हसलो, आणि त्यानंतर गल्लीत गेलो नाही.

चूक कुठे झाली ते मला पुष्कळ उशिरा कळले. चिडकीजवळ काळ दाट आहे, सावकाश सरकतो. म्हणूनच दूर वेधशाळेत राहून मी म्हातारा झालो आणि माझी थोरली बहीण अजून तरणी दिसते. हे का घडते, ते मीच शोधून काढले. त्याबद्दल माझा सत्कारही झाला. आणि चिडकीची मुदत सांगताना मी माझ्या खोलीतल्या भिंतीवरचे घड्याळ पाहिले! गणित बरोबर होते, घड्याळ चुकीच्या ठिकाणचे होते. गल्लीच्या घड्याळाने ती मुदत अजून यायची आहे. भाचीचे मूल रांगू लागायच्या आत चिडकी फुटेल.

हे कळूनही मी आजवर कोणाला सांगितले नाही. दोनदा गल्लीच्या तोंडापर्यंत आलो. एकदा तर लोहारकाकांनी लांबूनच हाक मारली, "मास्तर, कपडे काढू का आत?" मी मान खाली घालून परत फिरलो. पुन्हा हसतील, एवढेच भय होते. त्यापायी मी माझ्या माणसांना तिथे राहू दिले. याहून लाजिरवाणे माझ्या हातून काही झालेले नाही.

६. माझी सगळी शिल्लक गल्लीतल्या लोकांचे सामान हलवायला वापरावी. वेधशाळेचा खालचा दिवाणखाना त्यांना उघडून द्यावा. प्रमुखांनी कुरकुर केल्यास खुर्ची परत घ्यावी.

७. ताईला मी काहीही ठेवलेले नाही. आमच्याकडे ज्याला वाटा मिळतो त्याला साक्षीदार होता येत नाही, आणि साक्षीदाराला मृत्युपत्र शेवटपर्यंत ऐकल्याशिवाय सही करता येत नाही. मी नुसता सांगायला आलो असतो, तर तिने पहिल्या वाक्याला दार लावले असते. म्हणून मी तिला वाटा न देता साक्षीला बोलावले आहे. हे मी स्वतः मोठ्याने वाचणार आहे. ती मध्येच उठली, तर पुन्हा पहिल्यापासून वाचीन.

सही : ताईचा धाकटा भाऊ
ठिकाण : ताईच्या दुकानाची पायरी
दिवस : आजचाच, उद्यावर टाकलेला नाही

साक्षीदार पहिला, लोहारकाका : ऐकले. हसलो होतो, चुकलो. गाडी माझी घ्या.

साक्षीदार दुसरी, ताई : सगळं ऐकलं. एवढं सांगायला मृत्युपत्र कशाला लागतं रे, गाढवा? लेक आंघोळीला गेलीय, ती आली की निघू. तू तिथे पायरीवर कुडकुडत बसू नकोस. गाडीत चढ.