यू ते झेड

१२ जुलै १९७८, अड्याळ
डिक्शनरी आली. बाजारात चिवडेवाल्याजवळ दिसली म्हणून मामाजींनी उचलली. सासरे म्हणून कौतुकच आहे, पण चिवडेवाला मागून पानं फाडफाडून पुड्या बांधत होता. टी संपला की नुसता दोरा. यू ते झेड चिवड्याबरोबर गेले. मामाजी खट्टू. म्हटलं, मला टीपर्यंत तरी कुठे येतं!
मॅट्रिकला इंग्रजीतच दोनदा आपटले. ऑक्टोबरात निघालं नाही तर नर्सिंगचा फॉर्म विसरायचा.

२० जुलै
धानाचा रोवणा सुरू. दिवसभर चिखलात वाकून कंबर गेली. पाठांतर शून्य. संध्याकाळी मामाजींनी पोस्टमनला रस्त्यात गाठलं आणि गेलेल्या पानांतला, यूचा एक शब्द मागून आणला.
"लिव, सूनबाई. अर्जंट. म्हंजे ज्याच्यासाठी जेवन टाकून निघा लागते थे."
लिहिलं. हसू दाबलं.

६ ऑगस्ट
आता नादच लागला त्यांना. कंडक्टरकडून व्हाया, कंपाउंडरकडून व्हॉमिट. झेडला झेब्रा, पाहिलेला गावात एकही नाही.
सासूबाई: "म्हातारा पागल झाला. गावभर अक्षरं मागत कायले फिरते?" पण चहा देताना मलाच हळूच विचारतात, आज कोणता आला.

२७ ऑगस्ट
हे चिखल्याच्या खाणीवरून आले. महिन्यातून एकदाच सुटी. मामाजींनी त्यांनाही सोडलं नाही.
"तुयाजवळ हाये का रे यूचा एखादा?"
"अंडरग्राउंड."
"म्हंजे?"
"जिथं भर दुपारीबी दिवा लागते."
सहा वर्षं खाणीत आहेत, पण तिथलं असं कधी बोलले नव्हते. मला रडूच आलं. नर्स झाले तर यांना वर काढीन. इथे लिहून ठेवते, तोंडाने बोलवत नाही.

११ ऑक्टोबर
इंग्रजी झाला. अर्थ लिहायच्या शब्दांत अर्जंट होता! जेवणासकट लिहिला, व्याकरण देव जाणे. व्हॉयेज मात्र गेला. आमच्या कोणाजवळ समुद्र कुठला? बाकी पेपर बरा. खरंच बरा. जास्त बोलत नाही, दृष्ट लागेल.

३ नोव्हेंबर
परीक्षा संपली तरी मामाजी थांबेनात. राइस मिलमधून व्हॉल्व्ह आणला. म्हटलं, आता कशाला? "राहू दे नं. पुढं लेकराच्या कामी येईन."

१४ डिसेंबर
उद्या निकाल, भंडाऱ्याला. मामाजी पहिल्या गाडीने जाणार, धोतर धुऊन ठेवलंय. जेवताना मी ताटातला भात नुसता चिवडत बसले.
"सूनबाई, पास कोन्या अक्षरात येते?"
"पीमध्ये."
"आन फेल?"
"एफमध्ये."
"म्हंजे दोन्ही आपल्या पुस्तकात हायेत. गेलेल्या पानातलं काई नाई."
"नाही."
"मंग भेतं कायले? जेव."
जेवले.

१५ डिसेंबर
मामाजी पहाटे गेले. दुपारची गाडी आली, त्यात नव्हते. सासूबाई तिसऱ्यांदा फाट्यावर जाऊन आल्या. आता संध्याकाळची. हॉर्न ऐकू येतोय, मी बघून ये—