आधी काळभैरव

अण्णा, तुम्हाला जाऊन बारा वर्षं झाली आणि आज मी तुम्हाला लिहायला बसलो आहे. बसलो आहे म्हणणंही खोटंच. दोन ओळी झाल्या की उठतो, ओटीवर फेऱ्या मारतो, परत येतो. ही विचारते, एवढं कुणाला लिहिताय? अशिलाला, म्हणून सांगतो.

शाळेतून पेन्शनीत निघालात त्या वर्षी रेवदंड्याच्या खाडीवर माणसं उतरवणाऱ्या तरीचा मक्ता तुमच्या एका जुन्या विद्यार्थ्यानं घेतला आणि तुम्ही त्याला जामीन राहिलात. पुढं गडी सरकारचे हप्ते थकवून मुंबईस पसार झाला आणि मामलेदारांचं जप्तीचं वॉरंट आपल्या वाडीवर आलं. सुपारी, नारळ, रहाटाची विहीर, आईनं लावलेला अनंत, सगळं त्यात. माझी वकिलीची सनद तेव्हा कोरी करकरीत. नोटीस नीट बजावलेली नाही, म्हणजे हुकूमच बेकायदा, आणि बेकायदा हुकमावर अपील कसलं करायचं, सरळ कोर्टात दावा लावू, असं मी स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात उभा राहून तुम्हाला ऐकवलं. तुम्ही चुलीजवळ पाटावर बसून प्रांतसाहेबांना अपिलाचा अर्ज लिहीत होता. मान वर न करता म्हणालात, "हरिहरेश्वरी काय शिकवलं होतं तुला? आधी काळभैरव."

ते मला चांगलंच आठवत होतं. मी आठ वर्षांचा आहे, मचव्यातून उतरून थेट मोठ्या देवळाकडे पळत सुटलो आहे आणि तुम्ही भर गर्दीत कान धरून मला मागं आणता आहात. आधी काळभैरवाचं दर्शन, मग हरिहरेश्वराचं, हा तिथला रिवाज. वाटेतल्याला डावलून गेलास तर पुढचा विचारतोच, त्याला भेटून आलास का, असं तुम्ही बजावलंत. कान दोन दिवस दुखत होता. पण उंबऱ्यात मला हसूच आलं. मास्तर निघाले कायद्याला देवळाचे नियम लावायला.

अर्जावरचं कोर्ट-फीचं तिकीट तुम्ही भाताच्या शितानं चिकटवलंत. गुडघे धरलेले, अलिबागेस जाववेना, म्हणून अर्ज माझ्या हाती दिलात. वाटेत मी पहिली ओळ वाचली, 'मेहेरबान प्रांतसाहेब यांचे हुजुरास', आणि पुढं वाचवेना. ज्याच्या हाताखालच्यानं जप्ती आणली त्याच्याच पाया पडायचं? अर्ज घडी करून कोटाच्या आतल्या खिशात टाकला, कोर्टात दावा दाखल केला आणि घरी येऊन अर्जही दिला म्हणून सांगितलं.

दावा पुकारला गेला तेव्हा न्यायाधीशांनी मला एकच गोष्ट विचारली. प्रांताकडे, कलेक्टरकडे, कमिशनरकडे अपील करून आलात का? मी हुकूम मुळातच बेकायदा असल्याचं बोलू लागलो. ते शांतपणे म्हणाले, वरची सगळी अपिलं संपल्याशिवाय मला हा दावा ऐकताच येत नाही. दावा फेटाळला गेला. तोवर अपिलाची मुदतही टळली होती. वाडीचा लिलाव झाला.

घरी तुम्ही विचारलंत, "प्रांतानं अर्ज फेटाळला ना?" मी हो म्हटलं. तुम्ही माझ्या पाठीवरून हात फिरवलात. "मग आपण सगळीकडे जाऊन आलो. आता मनाला लावून घेऊ नकोस." वर्षभरात भाड्याच्या खोलीतच तुम्ही डोळे मिटलेत. पाठीवरून फिरलेल्या त्या हाताची मला अजून लाज वाटते.

आता कुणी जप्तीचा कागद घेऊन आला की मी आधी अपिलाचं विचारतो, तेही अशा आवाजात की माणूस बिचकतो. साहेब, त्याला पाणी तरी पिऊ द्या, असं माझा कारकून म्हणतो. तो कोट मी पुन्हा कधी अंगात घातला नाही. परवा बोहारणीला द्यायला ट्रंकेतून काढला आणि अर्ज हाती लागला. तिकिटाखालचं शीत वाळून टणक झालं आहे. अर्ज पहिल्यांदाच सबंध वाचला. हुजूर वर एकदाच आहे. खाली तुमच्या तीनच ओळी आहेत: जामीनकी एकाच सालाची होती, थकबाकी पुढच्या सालची आहे, त्या सालच्या कागदावर माझी सही नाही, तो काढून पाहावा. जामीनखत मागवून पाहायचं मला सुचलंही नव्हतं. असा अर्ज सहसा फेटाळला जात नाही, हे आज मला कळतं.

हे पत्र त्याच अर्जाच्या घडीत ठेवतो. प्रांतानं नाही म्हटलं नव्हतं, अण्णा. त्याला कुणी विचारलंच नव्हतं.