चार नंबरच्या प्रेसचं रीळ

मी, खाली सही करणारी, वय एकाहत्तर, धंदा फिल्म जोडण्याचा, कोणाच्याही दडपणाखाली न येता हे लिहून ठेवते. डावा डोळा नाही. डोकं शाबूत आहे.

एक. राहती खोली माझ्या भावजयीला. भाऊ कारखान्यात मेल्यावर मालकाच्या माणसांनी फाटकावर तिला दात पडेपर्यंत मारलं, तरी ‘नवरा पिऊन कामावर होता’ या कागदावर तिने सही केली नाही.

दोन. जोडणीचं टेबल आणि कात्र्या भंगारवाल्याला. कारखान्यांची टाकाऊ रिळं तोच आणून द्यायचा आणि त्यांतून मी छोट्या फिल्मा करायचे: भट्ट्या, पट्टे, नुसते हात. लोक विचारत, ‘यात गोष्ट कुठाय?’ एका पोत्यात ती निघाली. कामाचा वेग मोजायला कारखान्यानेच लावलेल्या कॅमेऱ्यात माझा भाऊ होता. सुपरवायझर पत्रा दाबणाऱ्या चार नंबरच्या प्रेसची, हात आत जाऊ नये म्हणून लावलेली जाळी काढतो. भाऊ मागे सरतो. सुपरवायझर मानगूट धरून त्याला पुढे लोटतो. प्रेस खाली येते, हाताचा कोपरापर्यंत चेंदा होतो. तो हात ओढायला वाकतो. प्रेस पुन्हा येते, डोक्यावर.

तीन. तो सुपरवायझर म्हणजे माझे थोरले दीर. मी तो प्रसंग सलग दहा वेळा दाखवणारी फिल्म केली. पहिल्याच खेळाला दिरांनी खुर्ची माझ्या तोंडावर घातली. डोळा तिथेच फुटला. मी रिळाचा लोखंडी डबा त्यांच्या गुडघ्यावर हाणला, हाड मोडेपर्यंत. मरेपर्यंत लंगडले. मला पश्चात्ताप नाही. ‘घरातलं घरात ठेवायचं होतंस,’ म्हणणाऱ्या नवऱ्याला त्याचे कपडे तेवढे द्यावेत.

चार. कोर्टात कारखाना म्हणाला, बाई जोडकाम करते, तिनेच जोडलं. शिवाय लोटणाऱ्याचा चेहरा ओळखू येत नाही. मूळ रीळ कामगार संघटनेला. त्यात एकही जोड नाही, बोट फिरवून पाहावं. दाखवताना संगीत घालू नये.

पाच. फिल्म दिरांच्या मुलीला द्यायची होती. रविवारी तिने ती माझ्याशेजारी बसून पाहिली. मोरीत जाऊन ओकली, तोंड धुऊन आली.

“काकू, बाबाच आहेत.”

“हो.”

“मला काही देऊ नकोस. ज्याला वाटा मिळतो, त्याची साक्ष चालत नाही ना?”

“नाही चालत.”

“मग मला साक्षीदार कर.”

म्हणून फिल्मही संघटनेलाच.

ठिकाण: माझी जोडणीची खोली. तारीख: नऊ मार्च.
लिहून देणार: सही
साक्षीदार पहिला: शेजारचा शिंपी, सही
साक्षीदार दुसरी: पुतणी, सही. खाली तिच्याच अक्षरात: ‘रिळात मान धरणारा माणूस माझा बाप आहे. मी ओळखलं.’